गीतांच्या आड राहिलेला पटकथाकार

दामाजीपंतांची गोष्ट मंगळवेढ्यात कुणाला सांगावी लागत नाही. दुष्काळात पंतांनी बादशाही कोठार रयतेला उघडून दिले आणि बेदरहून त्यांना धरून न्यायला शिपाई आले. वाटेत पंत पंढरपुरात विठ्ठलाच्या पायाशी थांबले, तोवर तिकडे दरबारात कुणी विठू महार मोहरांची थैली रिती करून धान्याची पावती घेऊन गेलाही होता. ती पावती पंतांना सापडते आपल्याच गीतेच्या पोथीत. ऐकणाऱ्याला सारे ठाऊक असते, अंधारात असतो तो एकटा नायक. पडद्यासाठी लिहिणाऱ्याने शिकावी अशीच ही बांधणी आहे. १९४२ साली ‘भक्त दामाजी’ या नवयुगच्या बोलपटात ऐन विशीतल्या ग. दि. माडगूळकरांना गीते लिहायची संधी मिळाली. शेटफळ्यात जन्मलेला, माडगूळचा हा तरुण माणदेशातला, आणि मंगळवेढाही माण नदीच्याच वाटेवरचा. पुढे महाराष्ट्राने त्यांना कवी म्हणून डोक्यावर घेतले. ते योग्यच झाले, पण त्या कौतुकात त्यांच्यातला पटकथाकार झाकला गेला. तोच त्यांच्या लेखनाचा कणा होता, असे मला वाटते.

१९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’चेच बघा. सोलापूरच्या या शाहिरावरच्या चित्रपटाची कथा, संवाद आणि गीते तिन्ही माडगूळकरांची. त्यातली लावणी कथेला थांबवून गायली जात नाही. शास्त्री घराण्यातला मुलगा तमाशाच्या फडाकडे ओढला जातो, तो पेच त्या लावण्यांतूनच पुढे सरकतो. तरीही कुणी म्हणेल, गाणी गाजली म्हणून चित्रपट चालले, यात पटकथेचे काय? या आक्षेपाला चोख उत्तर आहे ‘दो आँखें बारह हाथ’चे. १९५७ च्या या चित्रपटाची कथा माडगूळकरांची, गीते मात्र भरत व्यासांची. माडगूळकरांच्या कवितेची एक ओळही त्यात नाही. आणि नेमका हाच चित्रपट १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वलाचा मानकरी ठरला.

या कथेचे बीज माणदेशातलेच. औंध संस्थानाने १९३९ च्या सुमारास आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत उभी केली होती. चित्रपटात सहा खुनी कैदी जेलरच्या भरवशावर माळरान पिकवतात आणि भाजी बाजारात नेतात. तिथे व्यापाऱ्याची माणसे त्यांना बडवतात. हात उगारायचा नाही, असा शब्द त्यांनी दिलेला आहे. एका फटक्यात माणूस लोळवतील असे ते बारा हात खालीच राहतात, आणि आपण खुर्चीत मुठी आवळून बसतो. हे समजायला हिंदी यावे लागत नाही. चित्रपट शेवटी दिग्दर्शकाचा, श्रेय शांतारामबापूंचे, असे म्हणणारे चुकत नाहीत. कॅमेरा, चौकटी, अभिनय सारे त्यांचे. पण न उगारलेल्या हातात एवढी ताकद भरायची, तर आधी शब्द दिल्याचा प्रसंग कथेत रुजवावा लागतो. ते काम कागदावरचे आहे.

सुमारे दीडशे मराठी चित्रपटांशी माडगूळकरांची लेखणी जोडलेली आहे. इतके लिहिणाऱ्याचे सगळेच सकस उतरत नाही, हेही खरे. पण ‘पुढचं पाऊल’, ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’, ‘प्रपंच’ ही नावे ज्याच्या खात्यावर आहेत, त्याला ‘चित्रपटांतही लिहिणारे कवी’ म्हणून बाजूला काढणे अन्यायाचे होईल. ‘गीतरामायणा’चे काय, असे विचाराल. १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून आठवड्याला एक याप्रमाणे गेलेली ती छप्पन्न गीते पुन्हा ऐका. प्रत्येक गीताला प्रसंग आहे आणि ते बोलणारे पात्र आहे. सुरुवातच पाहा. दोन मुले भर सभेत गात आहेत आणि समोर राजा डोळे भरून ऐकतो आहे. तो आपला बाप आहे हे त्या मुलांना ठाऊक नाही, रेडिओपाशी बसलेल्या घरोघरच्या माणसांना मात्र ते पहिल्याच गीतात कळलेले असते.