यॉर्कचं पाणी, दोनशे वर्षांचा लाभांश

अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया राज्यात यॉर्क नावाचं शहर आहे. तिथल्या व्यापाऱ्यांनी १८१६ साली भांडवल गोळा करून पाणी कंपनी काढली, ती मुख्यतः आगी विझवायला पाणी हाताशी असावं म्हणून. ओंडके आतून पोखरून एकाला एक जोडले, जमिनीत पुरले आणि उतारावरून पाणी गावात आणलं. ती यॉर्क वॉटर कंपनी आजही चालू आहे, आणि तेव्हापासून तिने भागधारकांचा लाभांश एकदाही चुकवलेला नाही. १८६३च्या जूनमध्ये अमेरिकेतल्या यादवी युद्धात दक्षिणेच्या फौजेने शहर ताब्यात घेऊन खंडणी मागितली, १९३०च्या आसपास मंदीत बँका बुडाल्या, तरी लाभांश निघतच राहिला.

शेअर बाजारातल्या मंडळींना याचं कोण कौतुक! मला त्यात चमत्कार दिसत नाही. एकाच रस्त्याखाली दोन कंपन्यांच्या जलवाहिन्या टाकणं परवडत नाही, त्यामुळे गिऱ्हाईक जाणार कुठे? म्हणूनच पाण्याचा दर कंपनी नव्हे, राज्याचा आयोग ठरवतो. धरण, गाळणी, वाहिन्या यांत गुंतलेल्या रकमेतून घसारा वजा करायचा, उरलेल्या रकमेवर वाजवी परतावा द्यायचा आणि चालू खर्च वर धरायचा. थोडक्यात, कंपनी वाढते ती पाणी विकून कमी, पाइप पुरून जास्त. आपल्याकडे पाणीपट्टी निवडणुकीकडे बघून ठरते आणि जुनी वाहिनी फुटेपर्यंत कुणी हात लावत नाही. तिथे धास्ती उलटी, की हे लोक गरजेपेक्षा जास्त खोदतील. म्हणून दरवाढीच्या सुनावणीत ग्राहकांच्या बाजूने भांडायला राज्याने स्वतःचेच वकील नेमले आहेत.

पण खोदणं वायाही जात नाही. कोडोरस ओढ्यावरच्या विल्यम्स आणि रेडमन या दोन तलावांवर शहराची तहान भागायची. दुष्काळात ते पुरेनात. २००४ साली कंपनीने सस्क्वेहाना नदीपासून १५ मैलांची वाहिनी रेडमन तलावापर्यंत आणली. त्यातून दिवसाला १ कोटी २० लाख गॅलन जादा पाणी उचलता येतं.

खरा पेच शिशाच्या नळांचा. मुख्य वाहिनीपासून फुटपाथपर्यंतचा नळ कंपनीचा, तिथून घरापर्यंतचा घरमालकाचा. कंपनीने आपला तुकडा बदलला आणि मालकाने आपला तसाच ठेवला, तर हलवाहलवीने काही काळ पाण्यात उलट जास्तच शिसं उतरतं. मालकाचा नळ कंपनीने बदलावा, तर दुसऱ्याच्या मालमत्तेवर खर्च कसा दाखवायचा? २०१७ साली आयोगाने यॉर्कच्या कंपनीला तशी परवानगी दिली. पुढच्याच वर्षी राज्याने कायदा केला: नळाची मालकी घरमालकाकडेच राहील, पण तो बदलायला घातलेले पैसे कंपनीच्या गुंतवणुकीत धरले जातील. म्हणजे त्यावरही परतावा!