जवानाचा पगार आणि घरचा हिशेब

पहाटे शहादा रस्त्यावर फिरायला जाणाऱ्या प्राध्यापकांना एक दृश्य ठाऊक असेल. अंधारातच आठ-दहा मुले पळत असतात. कुणाच्या पायात बूट, कुणाचे पाय अनवाणी, आणि एकाच्या हातात मोबाईलचे घड्याळ. ही सैन्यभरतीची तयारी. सोळाशे मीटर किती मिनिटांत पळायचे, छाती किती फुगवायची, बीम किती काढायचे, हे आपल्या महाविद्यालयातील कुठल्याही मुलाला विचारा, तो खडाखडा सांगेल. पण भरती झाल्यावर पगार कसा मिळतो, कोण देतो, त्यातून काय कापले जाते आणि कमी आला तर कुणाला विचारायचे, हे विचारले तर तोच मुलगा गप्प होतो. त्याचे आईवडील तर त्याहून गप्प. माझ्या घरी हे गप्प राहणे बरेच महागात पडले, म्हणून हा लेख लिहीत आहे.

माझा धाकटा भाऊ 2023 साली अग्निवीर म्हणून भरती झाला. पेढे वाटले, बँड लावला. वर्तमानपत्रात बाबांनी वाचले होते की पहिल्या वर्षी महिना 30,000 रुपये. त्या आकड्याच्या भरवशावर त्यांनी एका पतपेढीतून बोअरसाठी कर्ज काढले, हप्ता ठरला दर महिन्याच्या 25 तारखेचा. पहिले दोन महिने घरी एक पैसा आला नाही. कुठल्या तरी कागदावर त्याच्या नावाचे स्पेलिंग आणि बँकेतले स्पेलिंग जुळत नव्हते. तिसऱ्या महिन्यात थकलेली रक्कम एकदम आली, पण बाबांच्या हिशेबापेक्षा बरीच कमी. पोराने पैसे उडवले असा बाबांचा ग्रह झाला. फोनवर दोघांचे कडाक्याचे भांडण झाले. ‘‘पैसा कथा गयात?’’ हा एकच प्रश्न बाबा पुनःपुन्हा विचारत होते, आणि नीट उत्तर त्या बिचाऱ्यालाही देता येत नव्हते.

उत्तर वस्तुतः सोपे होते. जून 2022 मध्ये जाहीर झालेल्या अग्निपथ योजनेनुसार पहिल्या वर्षाचे 30,000 हे कागदावरचे वेतन आहे. त्यातील 30 टक्के, म्हणजे 9,000 रुपये, ‘सेवा निधी’त जातात, हातात 21,000 येतात. दुसऱ्या वर्षी 33,000 पैकी 23,100, आणि चौथ्या वर्षी 40,000 पैकी 28,000. चार वर्षांत जवानाच्या वेतनातून सुमारे 5 लाख 2 हजार रुपये जमतात, तेवढेच शासन घालते, आणि व्याजासह 11 लाख 71 हजारांच्या आसपास रक्कम मुदतीअखेर मिळते. तोवर या निधीला हात लावता येत नाही. स्वतःहून मध्येच नोकरी सोडली तर स्वतःचा वाटा व्याजासह परत मिळतो, शासनाचा वाटा मिळत नाही. चार वर्षांनंतर ज्या जास्तीत जास्त 25 टक्के मुलांना कायम केले जाईल, त्यांनाही आपलाच वाटा व्याजासह मिळायचा आहे. हे आमच्या गल्लीत कुणालाच माहीत नव्हते. 11 लाखांचा आकडा मात्र सर्वांना पाठ होता! आणखी एक गोष्ट म्हणजे अग्निवीराला महागाई भत्ता नाही आणि सैनिकी सेवा वेतनही नाही. जोखमीच्या जागी नेमणूक असेल तर त्याचा भत्ता, शिधा, गणवेश आणि प्रवास यांचे नियम लागू होतात. निवृत्तिवेतन नाही, उपदान नाही.

पूर्वीच्या पद्धतीने भरती झालेल्या शिपायाचे गणित वेगळे. सातव्या वेतन आयोगानुसार, म्हणजे 1 जानेवारी 2016 पासून, शिपायाचे मूळ वेतन 21,700 रुपयांपासून सुरू होते. नाईकाचे 25,500, हवालदाराचे 29,200. यावर अधिकाऱ्यांखालच्या सर्व जवानांना 5,200 रुपये सैनिकी सेवा वेतन. महागाई भत्ता या दोहोंच्या बेरजेवर धरतात. 1 जानेवारी 2024 पासून तो 50 टक्के झाला. तेव्हा नव्या शिपायाचे 21,700 अधिक 5,200 म्हणजे 26,900, आणि त्याच्या निम्मे 13,450, अशी बेरीज 40,350 होत होती. महागाई भत्ता जानेवारी आणि जुलैपासून वाढतो, पण घोषणा बहुधा दोन-तीन महिन्यांनी होते, म्हणून मागची बाकी एकदम येते. तो महिना घरी दिवाळीसारखा जातो, आणि पुढच्या महिन्यात पगार ‘घटला’ म्हणून सगळे चिंतेत पडतात. जुलैच्या पगारात वर्षाचा गणवेश भत्ता येतो, तेव्हाही हीच गंमत. सियाचीनवर असलेल्या जवानाला वेगळा भत्ता मिळतो; 2017 मध्ये तो महिना 30,000 रुपये ठरला होता. तो खाली उतरला की भत्ता थांबतो आणि घरच्यांना वाटते, पोराची बढती काढून घेतली की काय!

आता मुख्य मुद्द्याकडे येऊ. कारखान्यात कामगाराच्या पगाराचा हिशेब तिथलाच कारकून करतो. सैन्यात तसे नाही. जवान काश्मीरात असो वा आसामात, त्याच्या पगाराचे खाते त्याच्या रेजिमेंटशी जोडलेल्या वेतन लेखा कार्यालयात असते. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे बेळगावला, महार रेजिमेंटचे मध्य प्रदेशात सागरला. ही कार्यालये सैन्याच्या हुकमाखाली नसतात, ती संरक्षण लेखा विभागाची असतात. तिथे प्रत्येक जवानाचे एक चालू खाते असते. मिळणारी प्रत्येक रक्कम जमेला, आणि कापली जाणारी प्रत्येक रक्कम नावे.

बेळगावात बसलेल्या लेखनिकाला जवान कुठे आहे, त्याचे लग्न झाले की नाही, मूल झाले की नाही, तो डोंगरावरून केव्हा उतरला, हे कसे कळणार? ते कळते एकाच मार्गाने. युनिटमधला कारकून ती घटना लेखी आदेशात प्रसिद्ध करतो; जवान त्याला ‘पार्ट टू ऑर्डर’ म्हणतात, किंवा नुसते ‘पार्ट टू’. पार्ट टू निघाला नाही, तर लेखा कार्यालयाच्या दृष्टीने ते लग्न झालेले नाही आणि ते मूल जन्मलेले नाही. जन्माची नोंद नाही म्हणजे पुढे मुलाचा शिक्षण भत्ताही नाही. हे वाचून हसू येते, पण ज्याच्या घरी घडते त्याला येत नाही.

उलटही घडते, आणि ते अधिक जाचक असते. माझ्या आतेभावाचे उदाहरण सांगतो. तो जुन्या भरतीतला शिपाई. त्याला सरकारी क्वार्टर मिळाले, वहिनी आणि मुलगी तिकडे राहायला गेल्या. क्वार्टर मिळाले की घरभाडे भत्ता थांबायला हवा. पण क्वार्टर घेतल्याचा पार्ट टू वेळेवर निघाला नाही, आणि सात महिने भत्ता येत राहिला. त्याने पगारपत्रक उघडून पाहिले नव्हते. पैसे येतात ना, मग बघायचे कशाला? आठव्या महिन्यात आदेश लेखा कार्यालयात पोहोचला, सात महिन्यांचा भत्ता एकदम नावे पडला आणि खाते उणे झाले. जवानांच्या भाषेत ‘डेबिट में चला गया’. त्या महिन्यात हातात आलेल्या पैशांत वहिनीने किराणा कसा भरला, ते तिलाच ठाऊक.

आमच्या बाबांना हे समजावताना मला शेतातलाच दाखला सापडला. आपल्या खानदेशात सालदार आखाजीला साल धरतो, आरंभी उचल घेतो आणि मग वर्षभर ती फिटत राहते. हिशेबाची वही मालकाकडे. 1972 साली शहाद्यात श्रमिक संघटना उभी राहिली, तेव्हा सालदारांच्या आणि मजुरांच्या वेतनाचा प्रश्न तिच्या लढ्यात अग्रभागी होता. आपले ज्येष्ठ प्राध्यापक त्याविषयी माझ्यापेक्षा अधिकाराने सांगतील. जवानाचे उणे खाते म्हणजे एक प्रकारची उचलच. फरक इतकाच की ती त्याने मागितलेली नसते आणि आपण ती घेतली आहे हेही त्याला ठाऊक नसते. मात्र सालदाराला मालकाची वही पाहायला मिळत नसे, जवानाला आपली पाहता येते.

ही वही म्हणजे मासिक पगारपत्रक. ‘हमराज’ नावाच्या मोबाईल अॅपवर ते जवानाला स्वतः पाहता येते. एका बाजूला जमा, दुसऱ्या बाजूला कपात. कपातीत भविष्यनिर्वाह निधीची वर्गणी, सैन्याच्या सामूहिक विम्याचा हप्ता, आयकर, घेतलेल्या अग्रिमाची फेड हे मुख्य. अग्निवीराच्या बाबतीत सेवा निधी. त्याचा 48 लाखांचा विमा मात्र त्याच्याकडून वर्गणी न घेता असतो. जुन्या काळी जवान पगार परेडला रांगेत उभा राहून, सही किंवा अंगठा देऊन रोख रक्कम घेई. घरची ठरावीक रक्कम ‘फॅमिली अलॉटमेंट’ म्हणून मनीऑर्डरने परस्पर गावी जाई. पोस्टमनची वाट पाहणाऱ्या म्हाताऱ्या आया आमच्या आजीने पाहिल्या आहेत. पहिल्या महायुद्धाच्या आरंभी पायदळ शिपायाला महिना 11 रुपये पगार होता. आता सारे पैसे थेट बँकेत येतात. सोय झाली खरी, पण मनीऑर्डरच्या कुपनावर चार ओळी तरी असत. बँकेच्या संदेशात नुसता आकडा असतो.

पगार थकण्याचे दुखणे जुनेच आहे. दौलतराव शिंद्यांच्या फौजेचा पगार तुंबला, तेव्हा 1798 मध्ये सर्जेराव घाटग्याने पुण्यातील सावकार आणि सधन लोकांना छळून पैसा काढला. फौजेची थकबाकी नागरिकांच्या पाठीवर वसूल झाली! अमेरिकेसारख्या श्रीमंत देशाचीही यातून सुटका नाही. तिथल्या सैनिकाला महिन्यातून दोनदा, 1 आणि 15 तारखेच्या सुमारास पगार मिळतो. तरी 2016 साली असे उघड झाले की कॅलिफोर्नियातील हजारो नॅशनल गार्ड सैनिकांना, पूर्वी चुकीने दिलेला बोनस परत करा, असे सांगण्यात आले होते. त्यांतले कित्येक इराक आणि अफगाणिस्तानात लढून आलेले होते. गवगवा झाल्यावर वसुली थांबवावी लागली.

चूक दिसली तर काय करावे? जवानाने पहिल्यांदा आपल्या कंपनीच्या कारकुनाकडे जाऊन पार्ट टू निघाला आहे का आणि त्याचा क्रमांक व तारीख काय, हे लिहून घ्यावे. तिथे दाद लागली नाही तर सुभेदार साहेब, मग कंपनी कमांडरसमोर पेश होण्याची विनंती. युनिटच्या दरबारात बोलण्याची मुभा असते, पण नवा पोर तिथे तोंड उघडत नाही हे मान्य केले पाहिजे. जास्तीची रक्कम आली तर ती खर्चू नये आणि स्वतःहून कळवावे. आतेभावाने पुढे हेच केले. वसुली एकदम न करता हप्त्यांनी व्हावी असा अर्ज दिला, तो मान्य झाला, पाच महिन्यांत खाते सरळ झाले.

राहिली आमची पतपेढी. केंद्र शासनाचा पगार सर्वसाधारणपणे महिन्याच्या शेवटच्या कामाच्या दिवशी होतो. मार्चचा तेवढा एप्रिल उजाडल्यावर. आमचा हप्ता 25 तारखेचा, म्हणजे पगाराच्या पाच-सहा दिवस आधी, आणि दर महिन्याला दंड! वर्षभरात दंडाचीच रक्कम अशी झाली की तिच्यात बोअरची मोटर दोनदा दुरुस्त झाली असती. भाऊ छुट्टीवर आला तेव्हा त्याने मोबाईलवर पगारपत्रक उघडले, मी वहीवर उतरवले, आणि बाबांनी चष्मा लावून एकेक ओळ वाचली. 9,000 च्या ओळीवर ते बराच वेळ थांबले. दुसऱ्या दिवशी तिघेही पतपेढीत गेलो आणि हप्त्याची तारीख 5 करून घेतली. व्यवस्थापक म्हणाले, ‘‘आधीच का नाही सांगितलं? सैन्यातल्या पोरांचे आमच्याकडे आणखी अकरा हप्ते 25 तारखेचेच आहेत.’’