तुमची फाइल कोण उघडू शकते?

फिनलंडमधील एका सार्वजनिक रुग्णालयाच्या नेत्रविभागात एक परिचारिका काम करत होती. १९८७ मध्ये तिला एचआयव्हीची लागण झाल्याचे निदान झाले आणि त्याच रुग्णालयाच्या संसर्गजन्य रोग विभागात तिचे उपचार सुरू झाले. काही वर्षांनी सहकाऱ्यांच्या वागण्यावरून तिला शंका येऊ लागली, की आपला आजार यांना कळला आहे. तसे होणे अवघड नव्हते. रुग्णांची नोंदवही रुग्णालयातील कर्मचाऱ्यांना मोकळेपणाने पाहता येत होती. १९९५ मध्ये तिच्या कंत्राटाचे नूतनीकरण झाले नाही. आपली फाइल कोणी उघडली, एवढे तरी सांगा, अशी मागणी तिने केली. तेही सांगता येईना, कारण त्या यंत्रणेत शेवटच्या फक्त पाच वेळांची नोंद राहत असे आणि त्यातही व्यक्तीचे नव्हे, विभागाचे नाव.

फिनलंडच्या न्यायालयांत ती हरली, कारण फाइल अमक्याने वाचली याचा पुरावा तिच्याकडे नव्हता. अखेर जुलै २००८ मध्ये युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने तिच्या बाजूने निकाल दिला. न्यायालयाचे म्हणणे साधे होते : संबंध नसलेल्या माणसाला फाइल उघडताच येणार नाही, अशी व्यवस्था आधी हवी. ती नव्हती, आणि पुराव्याचे ओझे मात्र रुग्णावर टाकले गेले.

कागदी केसपेपर कपाटात असत तेव्हा निदान कपाटापर्यंत चालत जावे लागे आणि किल्ली सिस्टरकडे मागावी लागे. आता अनेक रुग्णालयांच्या नोंदी क्लाउडवर, म्हणजे दूरच्या कुठल्या तरी डेटा सेंटरमधील भाड्याच्या सर्व्हरवर असतात. डॉक्टर, लॅब, औषधांचे दुकान, विम्याची खिडकी सगळे त्याच नोंदीपाशी येतात. त्यामुळे कोणाला काय पाहता येईल, काय बदलता येईल आणि काय पुसता येईल, हे आधी ठरवून ठेवावे लागते.

त्यासाठी ‘रोल’ ही कल्पना वापरतात. परवानगी माणसाला नव्हे, त्याच्या कामाला द्यायची. स्वागतकक्षातील कर्मचाऱ्याला नाव, फोन नंबर आणि भेटीची वेळ दिसावी. निदान दिसण्याचे कारण नाही. लॅबमधील तंत्रज्ञाने अहवाल भरावा, पण मानसोपचारतज्ज्ञाच्या टिपणांशी त्याचा संबंध नाही. माणूस बदलला की रोल काढून घ्यायचा आणि नव्या माणसाला द्यायचा. अमेरिकेच्या ‘निस्ट’ या मानके ठरवणाऱ्या संस्थेतील डेव्हिड फेरायोलो आणि रिचर्ड कून यांनी १९९२ मध्ये या पद्धतीची रीतसर मांडणी केली. तिच्या मुळाशी असलेला नियम आणखी जुना आहे. जेरोम साल्टझर आणि मायकेल श्रोडर यांनी १९७५ च्या आपल्या निबंधात तो सांगितला होता : कामापुरते अधिकार द्या, त्यापेक्षा एकही जास्त नको.

मोठ्या क्लाउड सेवांमध्ये नव्या खात्याला सहसा काहीच उघडत नाही. जे लिहून दिले असेल तेवढेच उघडते. ॲमेझॉनच्या क्लाउडमध्ये तर दहा ठिकाणी ‘हो’ असले आणि एका ठिकाणी स्पष्ट ‘नाही’ असले, तर ‘नाही’ जिंकते. आई-बाबांनी होकार दिला, पण आजी नको म्हणाली, की विषय संपला, तसेच हे.

नियम इतका सोपा असूनही गडबड होते ती घाईमुळे. नवा माणूस रुजू होतो, त्याला कोणता रोल द्यावा हे ठरवायला कोणाला वेळ नसतो, मग ‘सध्या सगळे देऊन टाका, नंतर बघू’ असे होते. ते ‘नंतर’ सहसा येत नाही. माणूस सोडून जातो आणि त्याचे खाते चालूच राहते. लिस्बनजवळच्या बारेरो मोंतिजो रुग्णालयाला पोर्तुगालच्या माहिती संरक्षण आयोगाने २०१८ मध्ये ४ लाख युरोंचा दंड केला. तेथे डॉक्टर होते २९६ आणि डॉक्टरांचे अधिकार असलेली चालू खाती होती ९८५! शिवाय कोणत्याही शाखेच्या डॉक्टरला कोणत्याही रुग्णाची फाइल उघडता येत होती. तात्पुरत्या डॉक्टरांमुळे आकडा फुगला, असे रुग्णालयाचे म्हणणे होते. पण तात्पुरत्याचे खाते तात्पुरतेच असायला हवे होते.

क्लाउडमध्ये रोल फक्त माणसांना नसतात, यंत्रांनाही असतात, आणि तिकडे सहसा कोणाचे लक्ष नसते. अमेरिकेतील ‘कॅपिटल वन’ या बँकेचे २०१९ मधील प्रकरण त्याचेच. आत येणारी वर्दळ तपासणारी एक सुरक्षा यंत्रणा, म्हणजे एक प्रकारचा रखवालदारच, चुकीच्या पद्धतीने बसवली गेली होती. तिला फसवून एका महिलेने तिच्या रोलची तात्पुरती ओळखपत्रे मिळवली. एवढ्यावर नुकसान थोडक्यात आटोपले असते. पण या रखवालदाराला ७०० हून अधिक कप्प्यांची यादी पाहण्याची आणि त्यातील मजकूर उतरवून घेण्याची मुभा होती. फाटकावर बसणाऱ्याला तिजोरीची किल्ली कशासाठी लागते? अमेरिकेतील सुमारे १० कोटी आणि कॅनडातील सुमारे ६० लाख लोकांची माहिती त्यात गेली. पुढच्या वर्षी नियामकांनी बँकेला ८ कोटी डॉलरचा दंड केला.

मग सगळेच घट्ट बंद करावे का? रुग्णालयात तसे करून चालत नाही. रात्री दोन वाजता बेशुद्ध रुग्ण आणला आणि त्याला पेनिसिलिनची ॲलर्जी आहे का, हे ड्युटीवरच्या डॉक्टरला दिसले नाही, तर जिवावर बेतेल. म्हणून चांगल्या यंत्रणेत आगीच्या अलार्मसारखी ‘काच फोडण्याची’ सोय असते. डॉक्टर कारण लिहितो, फाइल लगेच उघडते. मात्र कोणी, किती वाजता, का उघडली याची नोंद होते आणि नंतर कोणीतरी ती तपासते. हा शेवटचा भाग अवघड आहे. नोंदी ढिगाने जमतात, वाचायला माणूस नेमलेला नसतो. आणि एकच पासवर्ड अख्खा वॉर्ड वापरत असेल, तर वाचूनही काही कळणार नाही.

आपल्याकडे ‘आभा’ क्रमांकाशी जोडलेल्या ॲपमध्ये कोणत्या रुग्णालयाने कोणत्या नोंदी किती काळासाठी मागितल्या आहेत, हे रुग्णाला दिसते. संमती द्यायची की नाही, हे त्याच्या हाती असते आणि दिलेली संमती मागेही घेता येते. ही संमती रुग्णालयाच्या दारापर्यंतची असते. आत गेल्यावर ती फाइल कोणत्या टेबलावर उघडते, हे त्या रुग्णालयाने आपल्या लोकांना कोणते रोल दिले आहेत, त्यावर ठरते. पुढच्या वेळी नोंदणीचा फॉर्म भरताना खिडकीवर विचारून पाहा : माझी फाइल कोणी कोणी उघडली, याची यादी मला मिळू शकेल का?