मालिकेचा आवाज कोण पकडतं?

हिंदी सिनेमाने अनेक दशकं नटांचा आवाज सेटवर नव्हे, तर डबिंग थिएटरात घेतला. ॲरीफ्लेक्स कॅमेऱ्याची घरघर एवढी असायची, की सेटवरच्या ध्वनिमुद्रणाचा उपयोग ओठ जुळवण्यापुरताच. त्याला 'पायलट ट्रॅक' म्हणत. 'लगान'ने (2001) भुजजवळ थेट आवाज घेतला, त्यासाठी नकुल कामटे आणि एच. श्रीधर यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि 'सिंक साउंड' हा शब्द गाजला.

टीव्हीवाल्यांना त्याचं फारसं अप्रूप नव्हतं.

2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झालं. स्टुडिओतले इलेक्ट्रॉनिक कॅमेरे घरघरत नसत, त्यामुळे माइकने जे टिपलं तेच घरोघरी पोचलं. आजही रोजच्या मालिकांमध्ये बहुतेक संवाद सेटवरचेच असतात. एपिसोड लगेच द्यायचा असतो, मग डबिंगला वेळ कुठून आणणार?

सगळा भार येतो साउंड रेकॉर्डिस्टवर. त्याच्या हाताखाली लांब दांडीवरचा माइक, म्हणजे बूम, धरणारा बूममन, समोर मिक्सर आणि रेकॉर्डर, नटांच्या कपड्यांत दडवलेले कॉलर माइक. मराठी मालिकेत त्याचे खरे शत्रू म्हणजे पैठणीची सळसळ, बांगड्यांची किणकिण आणि माइकवर आपटणारं मंगळसूत्र. माइक कुठे चिकटवायचा, हे वेशभूषाकाराशी गोड बोलूनच ठरवावं लागतं. गोरेगावच्या फिल्मसिटीत पावसाळ्यात पत्र्यावर सर कोसळली की टेक थांबतो. खऱ्या घरात शूटिंग असेल तर पंखा बंद, फ्रिजही बंद. या धंद्यातली जुनी युक्ती अशी, की फ्रिज बंद करताना गाडीची किल्ली आत ठेवावी. निघताना तो सुरू करायचा विसर पडत नाही. प्रसंग संपला की सगळ्यांना अर्धा-एक मिनिट गप्प उभं करून खोलीची शांतताही मुद्रित करतात, म्हणजे संकलनात तुकडे जोडताना आवाजाला भोकं पडत नाहीत. हे अर्धं मिनिट मागून घेणं हीच रेकॉर्डिस्टची खरी कसोटी, कारण तोवर युनिटचं लक्ष जेवणाकडे गेलेलं असतं.

या वाटेवर बहुतेकजण बूम हातात धरूनच येतात. काही पुण्याच्या एफटीआयआयमधून. तिथूनच निघालेल्या रसूल पुकुट्टी यांना 'स्लमडॉग मिलियनेर'साठी 2009 मध्ये दोन सहकाऱ्यांसह ऑस्कर मिळालं. अमेरिकेत ध्वनिमिश्रणाच्या एमी पुरस्कारात सेटवरच्या मिक्सरचं, म्हणजे रेकॉर्डिस्टचंही नाव असतं. बेलफास्टचे रोनन हिल 'गेम ऑफ थ्रोन्स'मुळे असेच एमीचे मानकरी ठरले.

आपल्याकडे सिनेमाच्या राष्ट्रीय पुरस्कारांत 'लोकेशन साउंड रेकॉर्डिस्ट' अशी वेगळी ओळख आली खरी. पण 2022 मध्ये तो सन्मान 'डोळ्ळू' या कन्नड चित्रपटाला जाहीर झाला, आणि चित्रपट सिंक साउंडचा नसून डब केलेला आहे, असं पुकुट्टींनी जाहीरपणे दाखवून दिलं. त्याच्या साउंड डिझायनरनेही दुजोरा दिला. परीक्षकांच्या कानांबद्दल बरीच कुजबुज झाली.