उत्तन
उत्तन : महाराष्ट्र राज्याच्या ठाणे जिल्ह्यातील समुद्रकाठचे एक जुने मच्छीमार गाव. ते भाईंदर रेल्वेस्थानकाच्या पश्चिमेस असून मीरा-भाईंदर महानगरपालिकेच्या हद्दीत मोडते. पाली, चौक व डोंगरी ही लगतची गावे होत. गुजरातचा सुलतान बहादुरशाह याने १५३४ च्या तहाने वसईचा प्रदेश पोर्तुगीजांना दिला. त्यांच्या अमदानीत येथील अनेक कोळी कुटुंबे ख्रिस्ती झाली. मराठ्यांनी १७३९ मध्ये वसई जिंकली, तरी त्यांचा नवा धर्म टिकला. त्याचप्रमाणे त्यांचा मासेमारीचा परंपरागत व्यवसायही टिकला.

या गावाच्या दिनक्रमात दोन कालगणना एकत्र नांदतात. रविवार व सण चर्चच्या पंचांगाप्रमाणे पाळले जातात. समुद्रावरील काम मात्र चांद्र तिथींवर चालते. येथील मुख्य जाळे ‘डोल’ होय. निमुळत्या पिशवीसारखे हे जाळे समुद्रतळाशी रोवलेल्या खुंटांना बांधतात व भरती-ओहोटीच्या ओढीने मासळी आपोआप त्यात शिरते. त्यामुळे पौर्णिमा व अमावास्येच्या सुमारास, उधाणाच्या दिवसांत, काम जोरात असते. अष्टमीच्या आसपास, भांगाच्या वेळी, पाण्याची ओढ कमी होऊन ते मंदावते. इंजिन आणि बर्फ आल्यावर नौका अधिक दूर जाऊ लागल्या, तरी डोलीपुरता हा नियम बदललेला नाही. जाळी रोवण्याच्या जागांना ‘कव’ म्हणतात. त्यांच्या हद्दींवरून उत्तन-वसईकडील व पालघर-डहाणूकडील मच्छीमारांत जुना वाद आहे.

डोलीत बोंबील व जवळा विपुल मिळतो. बोंबलात पाण्याचे प्रमाण फार असल्याने तो लवकर नासतो. म्हणून दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून ते बांबूंच्या मांडवांवर वाळत घालतात. मासळी निवडणे, सुकवणे आणि विकणे ही कामे प्रामुख्याने स्त्रिया करतात. घरच्या पैशाचा व्यवहारही बराचसा त्यांच्याच हाती असतो.

यांत्रिक नौकांवरील पावसाळी बंदी पूर्वी १५ ऑगस्ट किंवा नारळी पौर्णिमा यांपैकी आधी येणाऱ्या दिवशी संपे. शासकीय आदेशात तिथीला असे स्थान क्वचितच मिळते. पुढे १ जून ते ३१ जुलै हा काळ ठरविण्यात आला.

मीरा-भाईंदरला १९८५ मध्ये नगरपरिषद व २००२ मध्ये महानगरपालिका मिळाली. २०११ च्या जनगणनेनुसार शहराची लोकसंख्या आठ लाखांवर होती. या वाढीचा भार उत्तनवर कचऱ्याच्या रूपाने पडला. शहराचा घनकचरा प्रकल्प गावालगतच्या धावगी डोंगरावर आहे. कचऱ्याला लागणाऱ्या आगींचा धूर व पावसाळ्यात झिरपणारे दूषित पाणी यांविरुद्ध ग्रामस्थांनी वारंवार आंदोलने केली आहेत. मासळी उघड्यावर सुकविणाऱ्या गावात हवा हेही उपजीविकेचेच साधन असते.