त्याच नावाचा दुसरा माणूस

गेल्या पावसाळ्यात एका दुपारी फोन आला. पलीकडचा आवाज तरुण, बोलणं अदबीचं. "सर, उसाचे डोळे काढायचं यंत्र तुमचंच ना? पेटंट बघितलं. आम्हाला दोन नग पाहिजे होते." म्हटलं, बाबा, मी लेख लिहितो, मला साधी पंक्चर काढता येत नाही. तो काही मानेना. "असं कसं? नाव तर तुमचंच आहे."

नाव माझंच होतं. या लेखाच्या डोक्यावर छापलंय तेच. आडनाव असं की अर्ध्या तालुक्याचं ते आहे, आणि पाळण्यातलं नाव असं की त्या दहा वर्षांत जन्मलेल्या पोरांपैकी वर्गात तिघं तरी 'ओ' द्यायचे. या नावापायी याआधी एका बँकेची ट्रॅक्टरच्या थकलेल्या हप्त्यांची नोटीस माझ्या दारात येऊन गेलीय. ट्रॅक्टर मी फक्त लांबून पाहिलेला. पण शोध लावल्याचं श्रेय पहिल्यांदाच आलं, आणि खरं सांगायचं तर ते परत करताना जरा जड गेलं. हा दुसरा मी कोण, ते बघायला त्या रात्री बसलो आणि नंतरचे कित्येक रविवार त्यातच गेले.

एका नावाची दोन माणसं ओळखणं ही गावाला कधीच अडचण वाटली नाही. आमच्याकडे एक मळ्यातला, एक पोस्टातला, एक बारका; भागलं. कागदाला मात्र टोपणनाव चालत नाही. म्हणून जुन्या दप्तरात नावाला शेपूट असायचं: अमुक बिन तमुक, म्हणजे तमुकचा मुलगा. बाईचं नाव असेल तर 'कोम' किंवा 'भ्रतार' लिहून पुढं नवऱ्याचं नाव. आज आपण बापाचं नाव मधे घालतो ती त्या 'बिन'चीच सुधारून वाढवलेली आवृत्ती. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदावर स्वतःचं नाव, आईचं नाव, बापाचं नाव आणि मग आडनाव असा क्रम आला. निर्णय आईच्या मानाचा म्हणून गाजला, ते बरोबरच. पण अभिलेख चाळणाऱ्याच्या नजरेनं पाहिलं तर त्यानं एक मोठं काम फुकटात झालं: नाव, बाप आणि आडनाव तिन्ही सारखं असलेले दोघे पुष्कळ सापडतात, आईही त्याच नावाची निघणं जरा अवघड.

सातबारा हातात घ्या. महाभूलेखवर गट नंबर माहीत नसेल तर पहिलं नाव, मधलं नाव किंवा आडनाव टाकून शोधता येतं, आणि तिथंच फसगत होते. यादीत आपलं नाव चार वेळा येतं. चारपैकी आपलं कुठलं? जाणता माणूस नावाकडं बघतच नाही. तो नावासमोरचा खाते क्रमांक बघतो, आणि त्याहून जास्त विश्वास ठेवतो तो नावाजवळच्या कंसातल्या छोट्या आकड्यावर. तो फेरफार नंबर. तो घेऊन गाव नमुना ६ उघडायचा, म्हणजे ही जमीन या माणसाकडं कशी आली ते कळतं: वारसानं, खरेदीनं की वाटपानं. नाव दोघांचं एक असू शकतं, पण दोघांचे आजोबा एकाच दिवशी एकाच गटात वारस सोडून गेले असं सहसा होत नाही. 'अ.पा.क.' असं काही दिसलं तर तो नावाचा भाग समजू नका. ते अज्ञान पालनकर्ता. नोंद झाली तेव्हा मालक वयात आलेला नव्हता एवढंच ते सांगतं. आणि लिहिण्यातली उघड चूक असेल तर जमीन महसूल अधिनियम १९६६ च्या कलम १५५ खाली तहसीलदाराकडं अर्ज करता येतो. त्यासाठी किती खेटे पडतात हा निराळा लेख होईल.

सारख्या नावाचा सर्वांत महागडा धडा कोकणात मिळाला. २०१४ च्या लोकसभा निवडणुकीत रायगडमधून सुनील तटकरे अनंत गीतेंकडून २,११० मतांनी हरले, आणि त्याच मतदारसंघात तटकऱ्यांच्याच नावाच्या एका अपक्षानं त्या फरकाच्या कितीतरी पट मतं घेतली होती. पुढच्या वर्षी, १ मे २०१५ पासून, यंत्रावरच्या मतपत्रिकेत उमेदवाराचा फोटो छापायचा नियम निवडणूक आयोगानं लागू केला. आयोगानंही शेवटी मान्य केलं म्हणायचं की नावावर भागत नाही.

आता माझ्या यंत्राकडं येतो. म्हणजे त्याच्या यंत्राकडं.

पेटंट हा सार्वजनिक कागद आहे, हे पुष्कळांना माहीतच नसतं. उलट समज असा की पेटंट म्हणजे गुपित कपाटात ठेवणं. सौदा नेमका उलटा आहे: तू तुझी युक्ती सगळ्यांसमोर उलगडून सांग, बदल्यात अर्जाच्या तारखेपासून २० वर्षं ती दुसऱ्याला वापरू द्यायची की नाही हे तू ठरव. आपल्याकडं हा सौदा १८५६ च्या कायद्यानं सुरू झाला. पहिला अर्जदार कलकत्त्याचा एक इंजिनिअर, जॉर्ज आल्फ्रेड डिपेनिंग. त्याचा शोध होता पंखा ओढायचं यंत्र. साहेबाच्या डोक्यावरचा कापडी पंखा ओढत माणूस बसलेला असायचा, त्याला बाजूला करायची ही खटपट. पहिल्याच अर्जात कुणाची तरी नोकरी जाणार होती, हे माझ्या मनातून जात नाही.

आज भारतीय पेटंट कार्यालयाचं साप्ताहिक जर्नल दर शुक्रवारी निघतं आणि शोधायची सोय घरबसल्या आहे. युरोपच्या कार्यालयाचं एस्पेसनेट आहे, गूगल पेटंट्स आहे. नाव टाकलं की ढीग पडतो. ढिगातलं पहिलं पान उघडलं की मजकुरापुढं कंसात आकडे दिसतात. ५४ म्हणजे शीर्षक, ७१ अर्जदार, ७२ शोधक, ७३ पेटंटधारक. भाषा जपानी असो वा जर्मन, आकडे तेच, त्यामुळं न कळणाऱ्या लिपीतलं पानही वाचता येतं. आपला माणूस ७२ मध्ये शोधायचा. कंपनीत नोकरी करणाऱ्यानं काही शोधलं तर ७१ मध्ये बहुधा कंपनी येते आणि तो ७२ मध्ये कोपऱ्यात बसतो. आपल्या १९७० च्या कायद्यात शोधकाचं नाव पेटंटात यावं म्हणून वेगळं कलमच आहे, २८ वं.

पण ७२ समोर माझं नाव निदान डझनभर वेळा होतं. कुणी औषधाच्या गोळीवर, कुणी मोबाइलच्या लहरींवर, कुणी गिअरवर. हे सगळे एकच आहेत का? शोधकाला आधारसारखा जन्मभराचा नंबर नसतो. मग वर्गीकरणाचा आकडा कामी येतो. ए०१ म्हणजे शेती, ए६१ म्हणजे वैद्यक, एच०४ म्हणजे संदेशवहन. एकच माणूस गोळीही करतो आणि कोयताही, असं क्वचितच. त्यानंतर अर्जावरचा पत्ता. जर्नलमध्ये तो छापलेला असतो, मुक्काम पोस्ट तालुका जिल्ह्यासकट, आणि नावानं घातलेला सगळा घोळ तो एका ओळीत मिटवतो.

इथंच एक तक्रार नोंदवून ठेवतो. आपल्याकडं 'अमुक यांना पेटंट मिळाले' अशी जी चौकट छापून येते, तिच्यामागं पुष्कळदा अर्ज नुसता प्रसिद्ध झालेला असतो. अर्ज १८ महिन्यांनी आपोआप प्रसिद्ध होतो. त्यानंतर तपासणी, हरकती, उत्तरं, आणि मग मिळालं तर मिळालं. कधी ती डिझाइनची नोंदणीच असते, जिचा कायदा २००० सालचा आणि वेगळाच, आणि तिच्यात आकाराला संरक्षण मिळतं, कामाच्या युक्तीला नाही. अर्जाचा नंबर आणि पेटंटाचा नंबर हे दोन नंबर आहेत. सत्कार करण्याआधी दुसरा विचारावा.

या नादात एका संध्याकाळी मी शंकर आबाजी भिसे यांना शोधायला बसलो. मुंबईत १८६७ साली जन्मलेला, कुठल्याही तंत्रविद्यालयात न शिकलेला हा माणूस 'भारताचा एडिसन' म्हणून आपल्याला अधूनमधून आठवतो. लंडनच्या एका मासिकानं आपोआप वजन करून देणाऱ्या यंत्राची स्पर्धा लावली, ती भिशांनी १८९७ मध्ये जिंकली. मग ते लंडनला गेले. दादाभाई नौरोजींनी त्यांच्यामागं पैसा उभा केला. त्यांचं मोठं काम छपाईतलं. शिशाच्या वितळलेल्या रसातून अक्षरांचे खिळे ओतायचं यंत्र, नाव 'भिसोटाइप'. लायनोटाइप आणि मोनोटाइप या धेंडांनी बाजार अडवला होता, त्यात हा मुंबईकर शिरू बघत होता. १९०८ च्या डिसेंबरात थकून परत निघाले, तर वाटेत गोपाळ कृष्ण गोखले भेटले, गोखल्यांमुळं सर रतन टाटा, आणि १९१० मध्ये लंडनला टाटा-भिसे सिंडिकेट उभं राहिलं. तेही पाच वर्षांत मोडलं. मग न्यूयॉर्क, तिथं खिळे ओतायच्या यंत्राचा पुन्हा घाट, आयोडिनचं औषध, आणि आत्म्यांशी बोलायचा 'टाइपरायटर'सुद्धा! १९३० मध्ये खऱ्या एडिसनची भेट, आणि १९३५ मध्ये न्यूयॉर्कमध्येच मृत्यू.

दोनशे शोध आणि चाळीस पेटंटं हे आकडे त्यांच्याबद्दल सगळीकडे छापलेले आढळतात. मला वाटलं, मोजून टाकू. आपण लिहितो तसं भिसे इंग्रजीत टाकलं, तर समोर आजचे अभियंते आले. सॉफ्टवेअर, मोटारी, रसायनं. आमचे शंकरराव पत्ता नाही. बऱ्याच वेळानं ट्यूब पेटली: त्या काळच्या इंग्रजी कागदांत त्यांचं आडनाव शेवटी 'वाय' लावून येतं. बी-एच-आय-एस-ई-वाय. 'से' हा उच्चार इंग्रज माणसाच्या तोंडी नीट बसावा म्हणून लावलेलं ते अक्षर, आणि त्यानं शंभर वर्षांनी वारसांची वाट अडवली.

बरं, स्पेलिंग सापडलं तरी जुने कागद सहज हाती लागत नाहीत. अमेरिकन कार्यालयाचा शब्दन् शब्द शोधता येईल असा मजकूर १९७६ पासूनचा. त्याआधीची पानं म्हणजे नुसती चित्रं, त्यांवरचा मजकूर यंत्रानं वाचून उतरवलेला. झिजलेल्या छापातला 'ई' यंत्राला 'सी' दिसला की तो माणूस गेला. अशा वेळी कार्यालयानं दरवर्षी छापलेल्या पेटंटधारकांच्या सूचीचा खंड उघडावा आणि बोट फिरवत अकारविल्हे यादी बघावी. बोट चुकलं तर निदान शेजारचं नाव दिसतं. आणि मोजतानाही सावध राहावं लागतं. पेटंटाला देशाची हद्द असते. एकच यंत्र इंग्लंडात आणि अमेरिकेत नोंदवलं तर नंबर दोन, शोध एक. म्हणून चाळीस आणि दोनशे हे आकडे मी अजून पाठ सांगत नाही. मोजणी चालू आहे.

जगदीशचंद्र बोस यांच्याबाबतही तेच. त्यांचं अमेरिकन पेटंट ७,५५,८४० नंबरचं. अर्ज सप्टेंबर १९०१ चा, मंजुरी २९ मार्च १९०४ ची. गॅलेना स्फटिकानं विद्युतलहरी टिपायची युक्ती. पेटंट घेणं त्यांना मनापासून नको होतं. मागं लागून ते करवून घेतलं त्यांच्या स्नेही सारा बुल यांनी, आणि निम्मा हक्क त्यांच्या नावावर आहे. पण कागदावर नाव आहे 'जगदिस चंदर' अशा धाटणीच्या जुन्या बंगाली-इंग्रजी स्पेलिंगात. आपलं शाळेतलं स्पेलिंग तिथं चालत नाही. नुसतं 'बोस' टाकावं तर ध्वनियंत्रांचे अमर बोस रांगेत पुढं उभे. तेही खरेच शोधक, वडील बंगालीच, पण जन्म १९२९ चा, फिलाडेल्फियात.

याच्या अगदी उलट शिवकर बापूजी तळपदे. १८९५ साली गिरगाव चौपाटीवर त्यांनी विमान उडवलं ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आलोय. तिच्यावर २०१५ मध्ये हिंदी सिनेमाही आला. तळपदे होऊन गेले, त्यांना विमानाचं वेड होतं, यात वाद नाही. पण त्या उड्डाणाचा त्याच काळातला खात्रीचा कागद मी पाहिलेला नाही, आणि ज्या ग्रंथाचा आधार सांगतात त्यातली विमानं उडूच शकत नाहीत असं बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ मध्येच दाखवलं. तरी तळपदे घराघरांत माहीत, आणि ज्यानं रीतसर अर्ज केले, फी भरली, नकाशे जोडले ते भिसे एका 'वाय'आड दडलेले. मला याचा राग येतो.

असो. त्या तरुणाला मी अर्जाचा नंबर कळवला, जर्नलमधला पत्ता कळवला. पत्ता शेजारच्याच जिल्ह्यातला निघाला. पंधरा दिवसांनी त्याचा फोन. यंत्रं मिळाली होती, एक चालू होतं, एकाचं पातं बदलायचं होतं. गप्पा संपता संपता म्हणाला, "सर, त्यांनी एक निरोप दिलाय. रविवारचे तुमचे लेख आले की लोक त्यांना फोन करून 'छान लिहिलंय' म्हणतात. सुरुवातीला ते 'मी नव्हे' म्हणायचे. आता म्हणतात, थँक्यू."