पलीकडचे दाखविणारे यंत्र

अमेरिकेतील प्रॉव्हिडन्स शहरी राहणाऱ्या हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट या कथालेखकाने १९२० साली 'फ्रॉम बियाँड', म्हणजे 'पलीकडून', या नावाची एक छोटीशी कथा लिहिली. ती छापली जाण्यास १९३४ साल उजाडावे लागले. भयकथा म्हणून ती आम्हांला सामान्यच वाटते. तिच्यातील माणसे आरडाओरडा फार करतात. पण तिच्या मध्यभागी जे एक यंत्र उभे आहे त्याचा विचार केल्यावाचून राहवत नाही. यंत्र काल्पनिक आहे. मात्र ज्या प्रश्नातून ते जन्मले तो प्रश्न काल्पनिक नाही. जे इंद्रियांना कळत नाही ते 'आहे' असे म्हणण्याचा अधिकार कोणाला, आणि तो कशाच्या बळावर?

कथेतील क्रॉफर्ड टिलिंगहास्ट हा संशोधक आपल्या घराच्या माळ्यावर विजेचे एक यंत्र उभारतो. त्याचे म्हणणे असे की, पाच ज्ञानेंद्रियांतून जगाचा अगदी चिंचोळा भाग आपल्यापर्यंत पोचतो. शरीरात आणखी काही इंद्रिये निजलेली आहेत आणि विशिष्ट लहरींनी ती जागी करता येतात. मेंदूच्या मध्यभागी असलेली इवलीशी पीनियल ग्रंथी हे त्यांतले मुख्य इंद्रिय. ही ग्रंथी लेखकाने उगीच निवडलेली नाही. सतराव्या शतकात देकार्त या फ्रेंच तत्त्वज्ञाने आत्म्याचे मुख्य ठाणे तिथेच मानले होते. (आज ती झोपेच्या चक्राशी निगडित असे मेलाटोनिन नावाचे संप्रेरक स्रवते, एवढ्यावर तिची बोळवण झाली आहे!) यंत्र सुरू होताच खोलीत एक विचित्र उजेड पसरतो. तो अतिनील असून एरवी डोळ्यांना दिसत नाही, असे टिलिंगहास्ट सांगतो. मग खोलीतील रिकामी हवा रिकामी राहत नाही. काळे, थुलथुलीत जीव एकमेकांतून, भिंतींतून, खुद्द माणसांच्या अंगांतूनही आरपार तरंगताना दिसू लागतात.

येथपर्यंत ही एक निराळ्या जातीची दुर्बीणच झाली. लेखकाची खरी करामत पुढे आहे. या किरणांत आपण जसे पाहतो, तसेच आपण दिसतोही. दुर्बिणीतून आम्ही शनीची कडी पाहतो, तेव्हा शनीला त्याची वार्ता नसते. येथे मात्र पडदा दोन्ही बाजूंनी सरकतो. टिलिंगहास्टचे नोकर असेच नाहीसे झालेले असतात. मागे उरलेले असतात फक्त त्यांच्या कपड्यांचे ढीग.

त्या काळच्या वाचकाला ही कल्पना अगदीच अधांतरी वाटली नसावी. १८०० साली विल्यम हर्शेलने सूर्यप्रकाशाचे रंग लोलकाने वेगळे केले आणि तांबड्या रंगाच्या पलीकडे, जेथे डोळ्याला काहीच दिसत नव्हते, तेथे उष्णतामापक ठेवला. पारा चढला! पुढच्याच वर्षी रिटरला जांभळ्याच्या पलीकडचे किरण सापडले. आणि ८ नोव्हेंबर १८९५ रोजी वुर्झबर्ग येथे राँटगेनच्या काळोख्या खोलीत एक रासायनिक लेप दिलेला पडदा अकारण चमकू लागला. त्याच वर्षीच्या डिसेंबरात त्याने पत्नीच्या हाताची हाडे, बोटातील अंगठीसकट, काचेवर उमटवून दाखविली. जिवंत माणसाचे हाड मांस न कापता दिसते, हे ज्यांनी पाहिले त्यांना 'पलीकडे' आणखी काय काय असेल असे वाटणे स्वाभाविक होते.

आपल्याकडे पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घातले की त्याला भुईतले गुप्तधन दिसते, अशी जुनी समजूत आहे. तिच्यातली मेख 'पायाळू' या शब्दात आहे. धन दिसले नाही तर अंजन खोटे ठरत नाही. पाहणारा अपुरा ठरतो. हर्शेलचा उष्णतामापक असा भेद करीत नाही. पारा पायाळूला जेवढा चढलेला दिसतो तेवढाच इतरांनाही.

ही समजूत केवळ अडाण्यांची नव्हे, हे सांगण्यासाठी एक प्रसंग पुरेसा आहे. १९०३ साली फ्रान्समधील नान्सी येथील रने ब्लाँदलो या नामांकित भौतिकशास्त्रज्ञाने नवे किरण शोधल्याचे जाहीर केले आणि गावाच्या नावावरून त्यांना एन-किरण म्हटले. त्यांचा पुरावा असा की, काळोखात एखादी मंद ठिणगी किंचित अधिक उजळ दिसते. हे 'किंचित' ठरवायचे कोणी? पाहणाऱ्याच्या डोळ्याने! कित्येकांना ते दिसले. माणसाच्या स्नायूंतून आणि मज्जातंतूंतूनही हे किरण निघतात, असे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. ज्यांना दिसेना त्यांचे डोळे पुरेसे तयार नाहीत, असा खुलासाही निघाला. १९०४ साली रॉबर्ट वुड हा अमेरिकन शास्त्रज्ञ नान्सीस गेला. प्रयोग चालू असता अंधारात त्याने यंत्रातील ॲल्युमिनियमचा लोलक हळूच काढून घेतला. लोलकाविना किरण वळणेच शक्य नव्हते. तरीही मोजमापे पूर्वीसारखीच सांगितली जात राहिली. ब्लाँदलो लबाड नव्हता, हे येथे आवर्जून सांगितले पाहिजे. तो प्रामाणिकपणे पाहत होता, आणि म्हणूनच हा प्रसंग आम्हांला टिलिंगहास्टच्या माळ्याहून अधिक भयंकर वाटतो.

आजही 'क्वांटम' असे नाव देऊन पदके आणि कडी विकली जातात. त्यांची अदृश्य लहर ज्याची श्रद्धा असेल त्यालाच जाणवते. म्हणजे पुन्हा पायाळूच! उलट घरातील दूरचित्रवाणीच्या रिमोटचे तोंड मोबाईलच्या कॅमेऱ्यासमोर धरून कळ दाबून पाहा. पुष्कळ कॅमेऱ्यांत एक ठिपका लुकलुकताना दिसेल. नुसत्या डोळ्याला तेथे काळोख असतो. हर्शेलचे अवरक्त किरण ते हेच, आणि ते शेजाऱ्यालाही दिसतात.

लव्हक्राफ्टला हा भेद कळला असावा, असे कथेचा शेवट पाहता वाटते. निवेदक पिस्तुल झाडतो ते टिलिंगहास्टवर नव्हे, यंत्रावर. यंत्र फुटते आणि तपासणीची सोयच उरत नाही. टिलिंगहास्ट मरून पडलेला आढळतो. त्याला मेंदूचा झटका आला आणि निवेदकावर संमोहनाचा प्रयोग झाला, असे डॉक्टर सांगतात. निवेदकाला त्यांच्यावर विश्वास ठेवायला फार आवडले असते. पण नोकरांची प्रेते पोलिसांना कधीच सापडली नाहीत.